यादीत नसलेला खेळ

‘निवडक’ हा शब्द मराठीच्या शिक्षकाच्या फार परिचयाचा आहे. निवडक कविता, निवडक निबंध, निवडक कथा अशा पुस्तकांच्या सहवासात आमची उमेदीची वर्षे जातात. असे पुस्तक हाती आले की संपादकाने काय घेतले हे पाहण्याआधी त्याने काय गाळले हे शोधण्याची मला जुनी खोड आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली, नागपूर एका राज्यात गेले आणि सत्तरएक किलोमीटरांवरचे आमचे सौंसर दुसऱ्या राज्यात राहिले. तेव्हापासून मराठीच्या याद्या तिकडे तयार होतात आणि आम्ही त्या इकडे वाचतो. हे तक्रार म्हणून सांगत नाही. दूर राहणाऱ्याची नजर गाळलेल्या जागेकडे आधी जाते, एवढेच.

गेल्या वर्षी दिवाळीत अशीच एक निवडक यादी आमच्या घरी आली. मात्र ती पुस्तकाची नव्हती. व्हिडिओ गेमची होती.

माझा पुतण्या बंगळूरला संगणकाच्या नोकरीत आहे. सहकुटुंब सणाला आला तेव्हा त्याने पिशवीतून तळहातावर मावेल अशी एक करड्या रंगाची पेटी काढली. निंटेंडो या जपानी कंपनीचे १९८० च्या दशकातील प्रसिद्ध खेळयंत्र लहान आकारात पुन्हा घडवून २०१६ च्या नोव्हेंबरात बाजारात आणले गेले, तीच ही पेटी. मूळ यंत्र जपानात १९८३ साली ‘फॅमिकॉम’ या नावाने निघाले आणि १९८५ मध्ये अमेरिकेत गेले. दोन्ही मिळून जगात त्याचे सहा कोटींहून अधिक नग खपले. मूळ यंत्रात एकेका खेळाची कॅसेट खोचावी लागे. या छोट्या पेटीला कॅसेटची खाचच नाही. तीस खेळ आतच भरलेले आहेत आणि एकतिसावा घालण्याची सोय कंपनीने ठेवलेली नाही. म्हणजे हा खऱ्या अर्थाने ‘निवडक’ संग्रह, आणि तोही शिवून बंद केलेला.

पेटी दूरदर्शन संचाला जोडली गेली. पुतण्याने तीसही नावे वरून खाली, खालून वर दोनदा वाचली आणि लहान मुलासारखा हिरमुसून म्हणाला, “मोठे बाबा, यात आपले खेळच नाहीत!”

त्याचे ‘आपले’ खेळ कोणते, हे मला ठाऊक होते. १९९५ च्या सुमारास माझा धाकटा भाऊ नागपूरला सीताबर्डीवर गेला असता मुलासाठी एक व्हिडिओ गेम घेऊन आला. तेव्हा नागपूरला जायचे म्हणजे छोट्या रुळांवरची गाडी होती. इतवारीहून निघून ती डुलत डुलत सौंसरला येई. (ती गाडी २०१५ मध्ये रूळ मोठे करण्यासाठी बंद झाली.) भावाने आणलेले यंत्र अर्थातच मूळ जपानी नव्हते. आपल्याकडच्या गावोगावच्या मुलांपर्यंत पोहोचल्या त्या मूळ यंत्राच्या नकला. कॅसेटीही तशाच. एका कॅसेटवर ‘९९९९ इन १’ असे छापलेले होते. नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव खेळ! आळीतल्या मुलांनी ते मोजायला घेतले, तेव्हा कळले की खेळ जेमतेम काही डझन आहेत. पुढे तेच खेळ निराळ्या नावाने किंवा निराळ्या पातळीपासून पुन्हा सुरू होतात. कॅसेट लागली नाही की तिच्यात फुंकर मारायची, ही विद्या त्या काळात सौंसरपासून श्रीनगरपर्यंत प्रत्येक मुलाला कोणी न शिकवता अवगत होती.

त्या डझनभर खेळांत तीन खेळांवर आमच्या घराचा जीव होता. पहिला रणगाड्यांचा, मुले त्याला ‘टँकवाला गेम’ म्हणत. त्याचे खरे नाव ‘बॅटल सिटी’. नामको कंपनीने तो ९ सप्टेंबर १९८५ रोजी फॅमिकॉमसाठी काढला, जगप्रसिद्ध ‘सुपर मारिओ’च्या चार दिवस आधी. दुसरा ‘कॉन्ट्रा’, कोनामी कंपनीचा, घरातल्या यंत्रासाठी १९८८ साली आलेला. त्यात दोन शिपाई बंदुका घेऊन धावतात आणि सुरुवातीला एक विशिष्ट क्रम बोटांनी साधला तर तीस जीव मिळतात. वर वर, खाली खाली, डावे उजवे, डावे उजवे... पाढे म्हणताना अडखळणारी मुले हा क्रम झोपेतही बिनचूक म्हणत. तो क्रम काझुहिसा हाशिमोतो नावाच्या कोनामीच्या एका कर्मचाऱ्याने मुळात ‘ग्रेडिअस’ या दुसऱ्याच खेळासाठी योजला होता. ते गृहस्थ २०२० साली निवर्तले. तिसरा खेळ मोटार पळवण्याचा, ‘रोड फायटर’.

नव्या पेटीतील तीस खेळांत या तिहींपैकी एकही नव्हता. कॉन्ट्राचा पुढचा भाग होता, पहिला नव्हता. सुपर मारिओचे तीन खेळ होते, राजकन्या आणि तलवारींचे होते, काही तर असे की पुतण्याने ते जन्मात पाहिले नव्हते. तो म्हणाला, “हे कोणा दुसऱ्याचेच लहानपण आहे.”

हे वाक्य माझ्या मनात राहिले. दिवाळीनंतर मी त्याच्याकडून त्या पेटीची अधिक माहिती काढली, तेव्हा एक गमतीची गोष्ट समजली. कंपनीने या पेटीच्या दोन आवृत्त्या काढल्या होत्या. एक जपानसाठी आणि दुसरी अमेरिका-युरोपसाठी. तिसांपैकी बावीस खेळ दोन्हींत सारखे, आठ-आठ निराळे. याचा अर्थ असा की जपानी मुलाचे बालपण आणि अमेरिकन मुलाचे बालपण एक नाही, हे निवड करणाऱ्यांनी ओळखले होते. पण ज्यांच्यापर्यंत मूळ यंत्र कधी गेलेच नाही, त्यांच्यासाठी निराळी यादी कोण करणार? ज्यांना माल विकला त्यांच्याच आठवणी दुकानदाराच्या वहीत असतात. यात कंपनीचा दोष मला दिसत नाही. परंतु आपली यादी आपणच करावी लागेल, हे मात्र दिसते.

अशी गत केवळ आपली नव्हती. रशियात १९९२ च्या अखेरीस याच यंत्राची एक नक्कल ‘डेंडी’ या नावाने विक्रीला आली आणि तिथली एक अख्खी पिढी तिच्यावर वाढली. आणि योगायोग पाहा: या शिवलेल्या पेटीची वीण उसवून तिच्यात आणखी खेळ घालण्याची सुलभ आज्ञावली २०१७ च्या जानेवारीत ज्याने जगाला दिली, तो प्रोग्रामर रशियाचाच. अलेक्सेई अवद्यूखिन त्याचे नाव; ‘क्लस्टर’ या टोपणनावाने तो ओळखला जातो. त्याच्या आज्ञावलीचे नाव ‘हाकची २’.

ही क्रिया पुतण्याने मला समजावून दिली, ती जमेल तशी सांगतो. पेटीच्या आत आजच्या काळातील एक लहानसा संगणक आहे आणि त्याच्यापाशी पाचशे बारा मेगाबाइटांचे कोठार आहे. जुने खेळ आकाराने इतके लहान की रणगाड्यांचा अख्खा खेळ चोवीस किलोबाइटांत बसतो आणि मारिओ चाळीस किलोबाइटांत. तीस खेळांनी त्या कोठाराचा एक कोपराच काय तो भरतो. पेटीला वीज पुरवणारी जी तार, तीच संगणकाला जोडायची. ‘रिसेट’चे बटण दाबून धरून पेटी चालू करायची. पडदा काळाच राहतो, परंतु पेटी आता संगणकाचे ऐकण्यास सिद्ध झालेली असते. मग पहिले काम कोणते? नवा खेळ घालणे नव्हे. पेटीतील मूळ गाभ्याची एक प्रत काढून संगणकात सुरक्षित ठेवणे. काही बिघडले तर पूर्वस्थितीला येता यावे म्हणून. त्यानंतर गाभ्यात थोडा फेरफार, आणि मग खेळ एकेक करून आत पाठवणे. खेळ फार झाले तर त्यांचे खण पाडून ठेवतात. अशा रीतीने शेकडो खेळ त्या तळहाताएवढ्या पेटीत राहू शकतात. अर्थात असा फेरफार केला की कंपनीच्या हमीवर पाणी सोडावे लागते.

हे सर्व ऐकल्यावर मी विचारले, “आणि हे शेकडो खेळ आणायचे कोठून?”

तो सहज म्हणाला, “इंटरनेटवर पडले आहेत, मोठे बाबा. म्हणाल तर एका रात्रीत सातशे टाकून देतो.”

“पडले आहेत, म्हणजे कोणाचे तरी पडले असतील ना?”

यावर आमचा चांगलाच वाद झाला. तो उद्धटपणे बोलणारा मुलगा नाही, आणि त्याचे म्हणणे अगदीच टाकाऊही नव्हते. चाळीस वर्षांपूर्वीचे खेळ; त्यांतले कित्येक आज कोणी विकत नाही; ज्यांनी रचले त्यांच्या खिशातून आज काय जाते? उलट कोणीतरी प्रती करून ठेवल्या म्हणून ते शिल्लक तरी राहिले. मी त्याला म्हणालो की शिल्लक राहण्याचा मुद्दा मला मान्य आहे. हस्तलिखितांच्या नकला झाल्या नसत्या तर आमचे महानुभाव वाङ्मय आज कोठे असते? पण नकलणारा ग्रंथ राखण्यासाठी नकलत होता. सातशे खेळ एका रात्रीत ओढून घेणारा काय राखत असतो? शिवाय ‘विकतच मिळत नाही’ हेही सरसकट खरे नव्हे. कॉन्ट्राचाच एक संग्रह कोनामीने २०१९ मध्ये नव्या यंत्रांसाठी विक्रीस आणला होता.

मी मुख्याध्यापक आहे. परीक्षेच्या दिवसांत मुलांच्या बाह्यांतून चिठ्ठ्या काढणे माझ्या कामाचा भाग आहे. त्या मुलाला ‘हे कोणाचे?’ असे विचारायचे आणि घरी आपल्याच मुलांना तोच प्रश्न विचारायचा नाही, हे मला जमणारे नव्हते. म्हणून मी कायदाच काढून वाचला. आपल्या १९५७ च्या प्रताधिकार कायद्यात संगणकाच्या आज्ञावलीला चक्क साहित्यकृतीत गणले आहे. मराठीच्या माणसाला हे वाचून किंचित हसू आले आणि किंचित बरेही वाटले. त्याच कायद्याच्या बावन्नाव्या कलमात १९९९ च्या दुरुस्तीने एक पोटकलम आले. त्याचा आशय असा की, स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून, व्यापारासाठी नव्हे तर स्वतःच्या वापरासाठी, आज्ञावलीची प्रत करणे हा प्रताधिकाराचा भंग होत नाही.

मी ते कलम त्याला दूरध्वनीवर वाचून दाखवले. काही वेळ तो बोलला नाही. मग म्हणाला, “म्हणजे आपली जुनी कॅसेट चालणार नाही.” चालणार नव्हतीच. ‘९९९९ इन १’ ही मुळातच चोरीची वस्तू. विकत घेणाऱ्या माझ्या भावाला ते ठाऊक नव्हते, खेळणाऱ्या मुलांना तर नव्हतेच. पण आता पुतण्याला ठाऊक होते, आणि ठाऊक झालेली गोष्ट परत विसरता येत नाही.

पुढचे काम त्याने आपणहून केले. जुन्या वस्तूंच्या व्यवहारातून त्याने ‘बॅटल सिटी’ची आणि ‘रोड फायटर’ची अस्सल जपानी कॅसेट मागवली. मागाहून ती आमच्या माळ्यावरच्या जुन्या यंत्राच्या खाचेतही नेमकी बसली. कारण जपानी कॅसेटला साठ पिना असतात, अमेरिकन कॅसेटला बहात्तर, आणि आपल्याकडच्या नकला जपानी मापाच्या होत्या. कॅसेटमधील मजकूर वाचून संगणकात उतरवणारे एक छोटे उपकरणही त्याने घेतले. तिसरा खेळ अगदी निराळा. या जुन्या यंत्रासाठी आजही जगभरची हौशी मंडळी नवे खेळ रचतात आणि त्यांतले काही रचणाऱ्यानेच सर्वांना मोफत दिलेले असतात. तसा एक त्याने निवडला. कॉन्ट्राची मूळ कॅसेट मात्र त्याच्या बेताच्या किमतीत सापडली नाही. ज्या खेळासाठी हा सारा खटाटोप आरंभला, तोच बाहेर राहिला. एका खेळामागे दाम मोजायचे ठरले की यादी आपोआप आखूड होते, आणि आखूड यादीतला प्रत्येक खेळ खेळला जातो, हे मी त्याला सांगितले. त्याला ते पटले की माझ्या वयाचा मान राखून तो गप्प बसला, हे मी विचारले नाही.

उन्हाळ्याच्या सुट्टीत ती मंडळी पुन्हा आली. पुतण्याची मुलगी नऊ वर्षांची आहे. घरी मराठी ऐकते, शाळेत इंग्रजी व कन्नड शिकते; मराठी बोलते, पण लिहिता येत नाही. आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी आज हेच चित्र असेल. मारिओ तिने दोन दिवसांत बाजूला सारला. त्याहून चकचकीत खेळ तिने पाहिले आहेत. रणगाड्यांच्या खेळाला मात्र ती चिकटली. कारण त्यात बापलेकींना एकाच बाजूने, एकाच वेळी लढता येते. आणि दुसरे कारण असे की त्यात आपले रणांगण आपणच रचण्याची सोय आहे. तेरा ओळी, तेरा रकाने. हव्या त्या चौकटीत वीट, पोलाद, पाणी किंवा झाडी ठेवायची.

तिच्या वडिलांनी लहानपणी या विटांचे किल्ले रचले होते. तासभर खपून रचना पुरी होत आली की ‘लाइन गेली!’ असा आळीभर ओरडा होई आणि किल्ला नाहीसा. त्या काळचे भारनियमन ज्यांनी सोसले त्यांना वेगळे सांगायला नको. जुन्या यंत्राला स्मरण राखता येत नसे. नव्या पेटीत चालू खेळ आहे त्या क्षणी थांबवून ठेवण्याची सोय आहे, प्रत्येक खेळाला चार जागा. आणि बाहेरून घातलेल्या खेळालाही ती लागू पडते.

एके दुपारी मुलीने विटांनी आपल्या नावाचे इंग्रजी आद्याक्षर रचले. माझी आई, वय शहाऐंशी, खाटेवरून पाहत होती. “काय काढलं गं हे?” तिने विचारले. मुलीने सांगितले. आई म्हणाली, “आपल्यातलं काढ की. मलाही वाचता येईल.”

मुलगी माझ्याकडे आली. मी चौकटीच्या वहीत तेरा ओळी तेरा रकाने आखून तिला ‘म’ काढून दिला. काही अडचणी आल्या. सर्वांत वरच्या ओळीत तीन ठिकाणी शत्रूचे रणगाडे उतरतात, म्हणून शिरोरेषा एक ओळ खाली घ्यावी लागली. विटांची शिरोरेषा गोळ्यांनी ढासळू लागली, तेव्हा तिने ती पोलादाची केली. पोलाद साध्या गोळीला दाद देत नाही. ‘म’ची गाठ चौकटीत नीट बसेना, त्यासाठी अर्ध्या विटा वापरल्या. तीन दिवसांत तिने नावातली तिन्ही अक्षरे तीन स्वतंत्र रणांगणांवर उतरवली आणि तीन जागांवर जतन केली. चौथ्या जागेवर काय ठेवायचे हे तिने पणजीला विचारले. आईने आपलेच नाव सांगितले. ते लांब आहे, म्हणून पहिले अक्षर तेवढे घेतले.

यामुळे ती मराठी लिहायला शिकली असे मी म्हणणार नाही. चार अक्षरे म्हणजे भाषा नव्हे. मी तेहतीस वर्षे शिकवतो आहे, मला ते कळते. पण बंगळूरला परतल्यावर तिने वडिलांकडे चौकटीची वही मागितली आणि पुढची अक्षरे मागवणारा निरोप मला पाठवला. आता दर रविवारी मी दोन अक्षरे आखून त्यांचे छायाचित्र पाठवतो. ‘क्ष’ला तेरा चौकटी अपुऱ्या पडल्या.

आपल्यापैकी कोणाच्या घरी अशी पेटी असेल आणि तिच्यात भर घालायची इच्छा असेल, तर एक-दोन गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. आधी मूळ गाभ्याची प्रत काढून ठेवा. खेळ थोडे घ्या, ज्यांच्याशी घराचा काही संबंध असेल तेच घ्या, आणि ज्याने ते रचले त्याचे देणे चुकते करून घ्या. माळ्यावरची जुनी कॅसेट, ती नकली असली तरी, फेकू नका. त्या काळी आपल्या गावात मुले काय खेळत होती याचा तोच पुरावा आहे, आणि तो कोणत्याही यादीत छापलेला नाही.

आमच्या पेटीत आज तेहतीस खेळ आहेत. चौतिसावा कॉन्ट्रा असेल; कॅसेट मिळाली म्हणजे.